रुमालाखालची माफी

आमचा सांडू पूर्वी सोयगावकडच्या बैलबाजारात दलाल होता. आता वाळूजच्या कारखान्यात पाळीवर काम करतो आणि दर शुक्रवारी संध्याकाळी मोतीरामच्या लोकल केबलवर शहराला हसवतो. देह बैलाच्या मापाचा, आवाज त्याहून मोठा.

वृत्तवाहिनीवर रोज ओरडणाऱ्या राजकीय विश्लेषकांच्या फिती तो लावतो. गोकुळराव त्याचं लाडकं गिऱ्हाईक. दुसऱ्या पक्षाच्या राज्यात पेट्रोल महागलं तेव्हा ते म्हणाले, ‘जनतेची लूट!’ आपल्या पक्षाच्या राज्यात महागलं तर ‘जनतेचा त्याग!’ सांडू दोन्ही फिती लागोपाठ दाखवतो. मग तो आणि त्याची बायको चतुराबाई विश्लेषक होऊन एकमेकांच्या अंगावर ओरडतात, आणि रुमालाखाली दोघांची बोटं गुपचूप सौदा करत असतात. बैलाचा भाव असाच ठरतो, चारचौघांना कळू नये म्हणून रुमालाखाली बोटं दाबून.

गोकुळराव भडकले. मोतीरामला निरोप आला : शुक्रवारी मी येतो. सांडूनं कॅमेऱ्यासमोर माफी मागावी, नाहीतर तुमच्या परवान्याकडं बघतो.

“माग रं बाबा,” मोतीराम काकुळतीला आला. “दुकान बंद पडंल माझं!”

“आन् माझं तोंड बंद पडलं तं?”

चतुराबाईनं नवऱ्याला तिथंच बजावलं, “माफी मागितली तं जेवाया मोतीरामभाऊकडंच जायचं!”

शुक्रवारी गोकुळराव टाय लावून ऐटीत बसले. “हं, बोला.”

“मागतो की साहेब. पण लहान मागू का मोठी? सगळ्यांदेखत घासाघीस कशाला?” सांडूनं खांद्यावरचा रुमाल पुढं पसरला. “आपल्या रीतीनं ठरवू.”

गोकुळरावांच्या वडिलांनी सांडूच्याच बाजारात हयातभर बैल विकले होते. टाय गळ्यात होता, पण हाताला बाजार आठवला. हात आपसूक रुमालाखाली गेला. बोटं दाबली गेली, चेहरा सराईत दलालासारखा कोरा. मग कॅमेऱ्याचा लाल दिवा दिसला आणि आत विंचू असावा तसा हात मागं आला.

“कॅमेरा बंद करा!”

मोतीराम हसून हसून जमिनीवर बसला होता.

सांडूनं रुमाल झटकला. “मंडळी, मी इतके दिवस ह्येच दावत व्हतो. माफी नाय! सौदा फिसकटला!”

“परवान्याचं काय व्हायचं ते होऊ दे,” डोळे पुसत मोतीराम म्हणाला. “तू चालू ठेव, सांडूभाऊ.”

पडद्यामागून चतुराबाईचा आवाज आला, “आता घरी या जेवाया!”