जपानी बाईचा नवरा

दुबईत, आमच्या इंटरनॅशनल सिटीतल्या घरात पिक्चर लागला की माझ्या तोंडाचा पट्टा सुरू होतो. "अगो, दार उघडू नको, तो मागेच उभा आहे!" लेक वैतागते, "अम्मी, प्लीज!"

तीच लेक, कॉलेजात सिनेमा शिकणारी, एक दिवस गोड आवाजात म्हणाली, "अम्मी, आय नीड यू टू टॉक." अडला हरी, दुसरं काय! शेवटच्या वर्षाचं प्रोजेक्ट म्हणून ती शंभरेक वर्षांपूर्वीचा एक छोटा जपानी मूकपट दाखवणार होती. त्या काळी तिकडे पडद्याशेजारी उभा राहून एक माणूस सगळ्यांचे आवाज काढायचा, गोष्ट सांगायचा. त्याला बेन्शी म्हणत. लोक म्हणे नटांपेक्षा त्यालाच ऐकायला यायचे. आणि हिच्या बेन्शीचा, म्हणजे वर्गातल्या मैत्रिणीचा, ऐन वेळी घसा बसला. मी मराठीत बोलायचं, लेक ते इंग्रजीत सांगणार. फसलं तर तिचं वर्ष गेलं.

पिक्चर कसला, डोक्याला ताप! धक्क्यावर एक बाई, मग चाक, लाटा, उलटं आभाळ, पुन्हा तीच बाई. गोष्टीचा पत्ता नाही. प्रयोग आहे म्हणे. पण नवऱ्याची वाट बघणारी बाई मला लगेच ओळखू येते. लग्नानंतर रत्नागिरीत मी दुसरं केलं काय?

मी तिच्या नवऱ्याला थेट दुबई इन्व्हेस्टमेंट्स पार्कातल्या फॅक्टरीत लावून टाकलं. "ईदला येतो हं," तो म्हणाला. "इन्शाल्ला," बाई म्हणाली, तोंड फिरवून. लेकीने ते इंग्रजीत सांगितलं तशी वर्गातली पोरं खो खो हसली, सरही हसले. लेकीचा चेहरा खुलला, मला हायसं वाटलं. ओव्हरटाइम सोडून आलेले तिचे अब्बाही शेवटच्या रांगेत हसत होते.

पिक्चर संपला, पडदा पांढरा झाला. मी कुठली थांबते! "मग तो रजेवर आला," मी म्हटलं, "हातात चॉकलेटं, खजूर. त्याची लहानगी पोर दाराआड लपली आणि आईला म्हणाली, हा चाचा परत कधी जाणार?"

लेकीने हे इंग्रजीत सांगितलंच नाही. वर्ग तिच्याकडे बघत राहिला.

"अम्मी," ती चक्क मराठीत म्हणाली, "ती मी होते?"



"हो गो बाय, तूच," शेवटच्या रांगेतून तिचे अब्बा म्हणाले. "आणि चाचा मी."