बॅगेच्या चेनमधली राख
आज सकाळी नवऱ्याच्या बॅगेची चेन लावताना ती करकरली, कारण तिच्या दातांत अजून राख अडकलेली आहे, आणि मला इथे परदेशात, यिशुन उपनगरातल्या याच फ्लॅटमधली ती दुपार आठवली. तो कामासाठी इंडोनेशियात गेला होता आणि तिथला ज्वालामुखी फुटला होता. टीव्हीवर राखेखाली गेलेली गावं दिसत होती आणि त्याचा फोन बंद होता. हाताला काहीतरी चाळा हवा म्हणून मी झाडू उचलला, तर पुण्याहून आलेल्या सासूबाईंनी तो हिसकावून घेतला. “बाहेरगावी गेलेल्या माणसाची खुशाली कळेपर्यंत केर काढायचा नाही!” “आई, केर ठेवून ज्वालामुखी थांबतो का?” मी ओरडले. त्या झाडू मांडीवर घेऊन दाराशी बसल्या. लेक इथल्या पोरांच्या बोलीत पुटपुटली, “पप्पा ओके लाह,” पण तीही पुन्हा पुन्हा त्याचा नंबर लावत होती. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी दार वाजलं. तो उभा होता, भुवया राखाडी झालेल्या, आणि त्याच्या बुटांतून भुरुभुरु राख आमच्या लादीवर सांडत होती. सासूबाईंनी झाडू माझ्या हातात दिला. “काढ आता.” मला वाकताच येईना. त्याचा खोकला अजून गेलेला नाही. सासूबाई मात्र आता नाहीत. आज तो पुन्हा तिकडेच गेलाय. घरात केर तसाच पडलाय, आणि झाडू माझ्या मांडीवर आहे.