पाटीवरची चुनखडी

त्या टेकडीचं नाव काढलं तरी माझं डोकं फिरतं.

सिल्वासातल्या एका शाळेत मी कंत्राटावर भूगोल शिकवत होते. खडोलीच्या पुढच्या टेकडीवर पर्यटनस्थळ करायचं ठरलं, तेव्हा पाटीचा मजकूर माझ्याकडून मागवला. मी लिहून दिलं: लाव्हारसाचा काळा पाषाण, भेगांमध्ये चुन्याचे पांढरे गोळे. पाटी लागली ती 'चुनखडीची टेकडी व नैसर्गिक गुहा' अशी. जाब विचारायला गेले, तर पर्यटन खात्याचे साहेब हसून म्हणाले, काळा दगड बघायला कोण येणार, तो तर सगळीकडेच पडलाय. आणि पाटीवरची ती गुहा तरी कसली, जुन्या खाणीत जेसीबीने पाडलेलं भगदाड ते! त्याच्यापुढे आता झोके आहेत, सेल्फी पॉइंट आहे, आणि लोक आत जाऊन नारळसुद्धा फोडतात.

मी चिडून आठवीचा वर्गच तिथे नेला. ड्रॉपरने दगडावर पातळ अ‍ॅसिड टाकायला लावलं. काळ्या दगडाला काही झालं नाही, भेगेतला पांढरा गोळा तेवढा फसफसला. धुळ्याहून आलेल्या एका कामगाराच्या मुलीचा तर विश्वासच बसेना, तिने दहा ठिकाणी थेंब टाकून पाहिले. तो ड्रॉपर मी तिलाच देऊन टाकला.

पुढे शाळाशाळांच्या प्रश्नमंजुषेत शेवटचा प्रश्न आला, ही टेकडी कोणत्या खडकाची? जिंकणारा संघ दमणला, समुद्रावर जाणार होता. आमच्या संघातल्या या ड्रॉपरवाल्या पोरीने समुद्र पाहिलेला नव्हता. तिने ठणकावून सांगितलं, काळ्या पाषाणाची. परीक्षक म्हणाले, चूक, सरकारी पाटीवर चुनखडी लिहिलंय. तिने माझ्याकडे पाहिलं.

मी पहिल्या रांगेत होते. शेजारी तेच साहेब. इथे एकेका साहेबाकडे चार-चार खाती असतात, मला कायम करायची फाईलही त्यांच्याच टेबलावर होती. उठून दोन वाक्यं बोलायची होती. मी बाटली उघडून पाणी प्यायले. त्या घोटाची मला अजून चीड येते.

दुसऱ्या दिवशी तिने ड्रॉपर माझ्या टेबलावर आणून ठेवला.

"बाई, दगडाने तर खरं सांगितलं होतं. तुम्ही काबर नाही सांगितलं?"

तास सुरू होतोय, जागेवर बस, असं मी तिला म्हणाले. पुढच्या महिन्यात मी कायम झाले.