पुढची डावी बाजू

मॅलकी लॉखरन चर्चमध्ये कधी जितक्या नेमाने गुडघे टेकत नसेल, तितक्या नेमाने तो रोज सकाळी स्वतःच्या गाडीशेजारी टेकायचा. रात्रीतून कोणी गाडीच्या पोटाला बॉम्बचा डबा चिकटवून गेलंय का, ते पाहायला. शेजारच्या मिसेस प्रिचर्डना त्याने सांगून ठेवलं होतं की त्याचं मांजर गाडीखाली झोपतं. इतक्या वर्षांत त्या बाईंनी ते मांजर एकदाही पाहिलं नव्हतं. एकदा त्या बशीभर उकडलेली मासळी घेऊन आल्या, 'तुमच्या मांजराला' म्हणून. ती मॅलकीनेच उभ्या उभ्या फस्त केली आणि बशी धुऊन परत दिली.

पोलिसांत आहोत हे तो कोणाला सांगत नसे. बेलफास्टपासून तासाभरावरच्या त्या समुद्रकाठच्या गल्लीच्या लेखी तो पाणीपुरवठा खात्यात होता. गणवेशाची गडद हिरवी पँट घरातच वाळायची. पहिल्या वर्षी त्याच्या बायकोने, ऑर्लाने, चांगलं ऊन पडलं म्हणून ती एकदा बाहेर दोरीवर टाकली आणि तेवढ्यापायी त्यांना घर बदलावं लागलं. उत्तर आयर्लंडमध्ये ऊन पडणं आधीच दुर्मिळ, त्यात ते असं महागात पडलं.

मॅलकी मूळचा टिरोन परगण्यातल्या ड्रमगॉर्मचा, म्हणजे कट्टर कॅथलिक गावचा. त्या गावाला पोलीस म्हणजे प्रॉटेस्टंटांची फौज. रात्री-बेरात्री दारं लाथाडणारी, पोरांना भिंतीला उभं करणारी. पोलिसांच्या बायकांना विचारलं असतं तर त्यांनी ड्रमगॉर्मच्या पोरांनी मारलेल्यांची नावं सांगितली असती. तीस वर्षं हेच चाललं. मग तह झाला, नवं पोलीस दल उभं राहिलं आणि भरतीत निम्मे कॅथलिक घ्यायचं ठरलं. दुधाचा टँकर चालवणाऱ्या सत्तावीस वर्षांच्या मॅलकीला ते खरं वाटलं. खरं वाटणं हा त्याचा जन्मजात दोष होता.

"आई, आता आपलीही माणसं नकोत का तिथे?" त्याने विचारलं.

"हवीत की," आई म्हणाली. "पण माझ्याच घरातून का रे?"

त्यानंतर तो गावात गेला नाही. जुन्या बंदूकवाल्यांतून फुटून निघालेल्या एका टोळक्याला तह मान्य नव्हता, आणि कॅथलिक पोलीस तर मुळीच मान्य नव्हता. दोन वर्षांपूर्वी एका झडतीत गाड्यांच्या नंबरांची यादी सापडली. झडती मॅलकीच्याच तुकडीने घेतली होती. यादी वाचत वाचत तो खाली आला, आणि सातवा नंबर त्याच्याच गाडीचा.

आईला तो महिन्यातून एकदा भेटायचा. तिसऱ्याच एका गावात रोपवाटिकेला जोडून चहाची खोली होती, तिथे. बहीण डिंफना आईला गाडीतून घेऊन यायची. आई घरचा सोडा ब्रेड फडक्यात बांधून आणायची आणि फडकं मात्र न चुकता परत मागायची. गावात ती सांगायची की डोळ्यांच्या डॉक्टरकडे जातेय. दहा वर्षं दर महिन्याला डोळे दाखवणाऱ्या ब्रीजी लॉखरनला आता काही दिसतच नाही, अशी गावाची समजूत झाली होती. प्रत्यक्षात ती बिनचष्म्याची पेपर वाचायची.

मार्चमधल्या एका मंगळवारी पहाटे ती जिल्ह्याच्या इस्पितळात वारली. सकाळी डिंफनाचा फोन आला.

"झोपेतच गेली. त्रास नाही झाला," ती म्हणाली. "उद्या घरी आणतायत. गुरुवारी अकराला पुरायचं."

"खांदा कोण कोण देणार?"

"मॅलकी, ते आत्ता नको."

"कोण, ते सांग."

"ओनी ठरवतोय सगळं."

ओनी मक्गर्क शेजारच्या शेतातला. दोघं एकाच संघात फुटबॉल खेळले, एकाच बाकावर मार खाल्ला. मॅलकी पोलिसांत गेल्यावर ओनीने त्याच्याशी पुन्हा शब्द बोललेला नव्हता.

"पुढची डावी बाजू?" मॅलकीने विचारलं.

"ओनी."

ड्रमगॉर्ममध्ये शवपेटी घरापासून चर्चपर्यंत खांद्यावरूनच जाते. सहा माणसं, उंचीने जुळणारी, तीन इकडे, तीन तिकडे. पुढची डावी बाजू थोरल्या मुलाची. वडिलांच्या वेळी मॅलकी तिथे होता. आईच्या वेळी तिथे शेजारी असणार होता, तोही असला. मॅलकीला याचा राग यायला हवा होता. पण राग यायलाही अंगात थोडी ताकद लागते. त्याला नुसतं थकल्यासारखं झालं.

तो साहेबाकडे गेला. इन्स्पेक्टर नॉर्मन हडलस्टन प्रॉटेस्टंट, निवृत्तीला दोन वर्षं राहिलेला, चहात चार चमचे साखर घालणारा माणूस.

"मला गुरुवारी गावी जायचंय," मॅलकी म्हणाला.

"दहशतवादविरोधी शाखेला विचारलं मी, तुझी आई गेल्याचं कळल्याबरोबर. तू मागणार हे काय मला कळत नाही? एकटा जायचं नाही, म्हणतात. गेलास तर दोन चिलखती गाड्या बरोबर."

"आईच्या प्रेतयात्रेत चिलखती गाड्या? अख्खं गाव घरी निघून जाईल. पेटी रस्त्यात ठेवून जाईल."

"ते मलाही माहीत आहे रे."

"मग मी काय करू, सर?"

नॉर्मनने चहा ढवळला. इकडे आड, तिकडे विहीर, आणि दोन्हींवर त्याच्याच खात्याचा पहारा. "शववाहिकावाला कोण आहे?" त्याने शेवटी विचारलं.

तो गॉर्मली नावाचा म्हातारा होता, गावापासून वीस मैलांवर बाजारपेठेच्या ठिकाणी. चाळीस वर्षं त्याने दोन्ही बाजूंची माणसं पुरली होती आणि कोणाबद्दल कुठे चकार शब्द काढला नव्हता. बुधवारी सकाळी नऊला या, मागच्या दाराने, तो फोनवर म्हणाला. दहाला गाडी गावाकडे निघेल.

मॅलकी आला तेव्हा फाटकाशी नॉर्मन उभा होता. साध्या कपड्यांत, काळा टाय लावून.

"इकडून चाललो होतो," नॉर्मन म्हणाला. त्याचं घर अगदी उलट्या दिशेला होतं.

आई पेटीत होती, हातात जपमाळ. केस कोणीतरी भलत्याच बाजूला विंचरले होते. मॅलकीने ते बोटांनी नीट केले. तिच्या कपाळावर ओठ टेकले तेव्हा त्याला रडू आलं, आणि आलेलं त्याने अडवलं नाही. गेल्या दहा वर्षांत प्रत्येक भेटीच्या शेवटी घड्याळ पाहिलं होतं त्याने. आजही पाहावं लागलं.

"झाकतो आता," गॉर्मली म्हणाला. "ढकलगाडी आहे बाहेर न्यायला."

"ढकलगाडी नको," मॅलकी म्हणाला. "अंगण केवढं आहे?"

"वीस पावलं."

"वीस पावलं द्या मला."

गॉर्मलीने त्याच्याकडे पाहिलं, मग हाक मारून आपल्या पन्नाशीच्या मुलाला बोलावलं. तरी तीनच माणसं झाली. नॉर्मनने खाकरून कोट काढला.

"साहेब, तुमच्या मंडळाचा नियम," मॅलकी म्हणाला. प्रॉटेस्टंटांच्या ज्या जुन्या मंडळात नॉर्मन पिढीजात सभासद होता, त्याला कॅथलिकांच्या प्रार्थनेला जायची बंदी होती.

"चर्चमध्ये जायची बंदी आहे. अंगणाचं नियमात काही नाही. चल, उचल."

पुढच्या डाव्या बाजूला मॅलकी, उजवीकडे नॉर्मन. उंची जुळली. आई अगदी हलकी होती. खांद्यावर तिच्यापेक्षा लाकडाचंच वजन जास्त, हे जाणवलं तेव्हा मॅलकीचा पाय क्षणभर अडला. ते निम्म्या अंगणात होते, तेवढ्यात फाटक उघडलं.

ओनी मक्गर्क आत आला. गावची गाडी घेऊन शववाहिकेला सोबत करायला आला होता, अर्धा तास लवकर. त्याने मॅलकीला पाहिलं, परक्या चेहऱ्याच्या नॉर्मनला पाहिलं. नॉर्मनचे पॉलिश केलेले बूट पाहिले. पोलिसाचे बूट ड्रमगॉर्मची माणसं मैलावरून ओळखतात.

कोणी हललं नाही. पेटी खांद्यावर तशीच राहिली. मॅलकीच्या डोक्यात नको ती गणितं सुरू झाली: ओनीला कोण कोण ओळखतं, त्याचा चुलतभाऊ कोणाबरोबर उठतो-बसतो, ही बातमी गावात पोचायला किती मिनिटं. आईला खांदा देताना आपण हे मोजतोय, याची त्याला शरम वाटली.

ओनीने टोपी काढली. मग वळला आणि त्यांच्याकडे पाठ करून फाटकाकडे तोंड करून उभा राहिला.

उरलेली दहा पावलं ते चालले. पेटी शववाहिकेत सरकवली, गॉर्मलीने दार लावलं. मगच ओनी बोलला, वळला मात्र नाही.

"मी इथे कोणालाही पाहिलं नाही, मॅलकी."

मॅलकीला त्याचा अर्थ लागेना. माफी की धमकी, की नुसतं अंग काढून घेणं? नॉर्मनलाही लागला नाही. त्याने परतीच्या वाटेवर तीनदा गाडीच्या आरशात मागे पाहिलं आणि मॅलकीला आठवडाभर दुसरीकडे झोपायला सांगितलं.

गुरुवारी दुपारी मॅलकी एका नाक्यावर ड्युटीवर होता. पाऊस नव्हता, ऊनही नव्हतं. डिंफनाचा फोन आला.

"झालं सगळं," ती म्हणाली. "खूप लोक आले होते."

"खांद्याला कोण कोण होतं?"

"तेच सांगायला फोन केला. पाचच जण होते."

"पाच?"

"पुढची डावी बाजू मोकळी होती. फादर म्हणाले, ओनी, ये ना पुढे. तर म्हणतो, त्या जागेचा माणूस आपलं काम करून गेलाय. आणि हात खिशात घालून मागून चालत राहिला."

"मग? गावातले लोक?"

"कोणी विचारलं नाही कोण म्हणून. दुसरा कोणी पुढेही आला नाही."

मॅलकी रस्त्याकडे पाठ करून उभा राहिला. मागे तपासणीसाठी गाड्यांची रांग लागली होती.

"पेटी तिरकी झाली असेल मग," तो कसाबसा म्हणाला.

"झाली ना," डिंफना म्हणाली. "चर्चपर्यंत तिरकीच होती. सगळं गाव बघत होतं."