हप्ता वाढू दिला नाही

सोफ्या-खुर्च्यांना नवं कापड चढवून देणाऱ्या त्या गृहस्थांना बाजारात सगळे खुर्चीवाले म्हणत. वय सत्तावन्न, अंगाने काटक, आणि तोंडात कायम चार-दोन बारीक खिळे धरलेले. त्यामुळे बोलणं कमी, आणि जे असेल ते ओठांच्या एका कोपऱ्यातून. स्टेपल मारायचं यंत्र आल्यावर खिळ्यांची फारशी गरज उरली नव्हती, पण सवय गेली नाही. चघळायला लोकांना गोळी लागते, आमच्याकडे लोखंड चालतं, असं त्यांची बायको म्हणे.

धंद्याचे त्यांचे दोन नियम होते, दोन्ही ज्यांच्याकडे ते काम शिकले त्यांच्याकडून आलेले. पहिला, गिऱ्हाइकाला एकूण आकडा सांगायचा नाही. दर खुर्चीमागे सांगायचा. सहा खुर्च्यांचं एकूण ऐकलं की माणूस ‘जुन्याच बऱ्या आहेत’ म्हणत निघून जातो. एका खुर्चीचा दर ऐकला की मान डोलावतो. दुसरा नियम, सांगितलेला दर सहसा वाढवायचा नाही. कापड महागलं, फोम महागला, तरी खुर्चीमागचा दर तोच. फोम मात्र एक बोट पातळ. बसणाऱ्याला ते पहिल्या दिवशी कळत नाही. दोन वर्षांनी कळतं, आणि तेव्हा तो खुर्चीला दोष देतो किंवा स्वतःच्या वजनाला. खुर्चीवाल्यांना यात लबाडी वाटत नसे. गिऱ्हाईक दराला हात लावू देत नाही, मग हात दुसरीकडे कुठेतरी लावावाच लागतो, इतकं साधं त्यांचं म्हणणं.

चाळिसाव्या वर्षी त्यांनी घर घेतलं. तिसरा मजला, दोन खोल्या, स्वयंपाकघर आणि एका माणसाला कपडे वाळत घालताना उभं राहता येईल एवढी गॅलरी. मुलगी तेव्हा नुकती शाळेत जाऊ लागली होती. कर्ज वीस वर्षांचं. साठाव्या वर्षी फिटेल आणि त्याच महिन्यात आपण हातातली हातोडी खाली ठेवू, हे त्यांनी सही करतानाच ठरवून टाकलं.

तीन वर्षांनी व्याजाचे दर वाढले. बँकेने बोलावलं. समोरच्या तरुणाने विचारलं, हप्ता वाढवायचा की आहे तोच ठेवायचा? खुर्चीवाले भांडायच्या तयारीनेच गेले होते. हप्त्याला हात लावायचा नाही, त्यांनी ठणकावून सांगितलं. तरुण लगेच हो म्हणाला. इतक्या पटकन हो म्हणणाऱ्या माणसाचा आपण धंद्यात संशय घेतो, हे त्यांना तेव्हा सुचलं नाही. दाखवली तिथे सही केली आणि घरी येऊन बायकोला सांगितलं, “हप्ता वाढू दिला नाही.”

पुढची चौदा वर्षं हे वाक्य त्या घरात नांदलं. पाहुण्यांना सांगितलं गेलं, शेजाऱ्यांना सांगितलं गेलं. त्यांच्या मेहुण्याने त्याच सुमारास घर घेतलं होतं आणि बँकेने सांगितल्यावर मुकाट्याने हप्ता वाढवून घेतला होता. त्याच्या मऊपणावर दर भेटीत एकदा हसणं व्हायचं. बायकोही हसायची, भाऊ तिचा असला तरी. बँकेचं पत्रक वर्षातून एकदा यायचं. वरच्याच ओळीत लिहिलेलं असायचं की आपल्या हप्त्यात बदल नाही. खुर्चीवाले ती ओळ वाचायचे आणि समाधानाने कागद कपाटात टाकायचे. खाली आणखी ओळी असायच्या, पण गिऱ्हाईक दर ऐकल्यावर पुढचं ऐकत नाही.

बायको दातांच्या दवाखान्यात बाहेरच्या टेबलावर बसे. नावं घेणं, वेळा देणं, पैसे घेणं हे तिचं काम. तिथे पद्धत वेगळी होती. पेशंटने तोंड उघडायच्या आत त्याला एकूण खर्च सांगायचा, कारण नाहीतर माणसं अर्धा दात कोरून झाल्यावर गायब होतात. वीस वर्षं ती लोकांना एकूण सांगत आली होती. घराचं एकूण तिने कधी विचारलं नाही. ते खातं नवऱ्याचं होतं, आणि हप्ता वाढलेला नव्हता.

पंचावन्नाव्या वर्षापासून खुर्चीवाल्यांचे अंगठे दुखू लागले. कापड ताणून धरायचं ते अंगठ्याने. चाळीस वर्षं ताणल्यावर सांधे सुजले. सत्तावन्नाव्या वर्षी डॉक्टर म्हणाले, हे काम थांबवा. खुर्चीवाले म्हणाले, तीन वर्षं राहिली आहेत. सकाळी कपाचा कान धरता येईना, म्हणून ते दोन्ही तळव्यांत कप धरून चहा पिऊ लागले. थंडी वाजते का, असं कुणी विचारलं तर हो म्हणत.

याच सुमारास दुकानाशेजारच्या काचवाल्याने विषय काढला. त्याला दुकान वाढवायचं होतं. तीन वर्षांनी जागा सोडणार असाल तर आजच शब्द द्या, म्हणाला, मी थोडे पैसेही आगाऊ देतो. खुर्चीवाल्यांनी रात्रीच्या जेवणाला हे घरी सांगितलं तेव्हा ते जवळजवळ सेवानिवृत्त झाल्यासारखेच बसले होते. मुलगी आता कुरिअरच्या ऑफिसात कामाला होती. तिथे ‘कधी पोहोचेल’ एवढा एकच प्रश्न दिवसभर विचारला जातो. ती म्हणाली, “बाबा, शब्द देण्याआधी बँकेत शेवटची तारीख विचारून घ्या.”

तारखेत काय विचारायचं, वीस वर्षं म्हणजे वीस वर्षं, असं म्हणत का होईना, पण ते शनिवारी गेले. बायकोही बरोबर होती. येताना नळाचा वॉशर घ्यायचा होता.

बँकेतल्या बाई तिशीच्या, नीटनेटक्या. त्यांनी पडद्यावर पाहिलं आणि एक साल सांगितलं. खुर्चीवाल्यांना वाटलं, त्यांनी दुसऱ्याच कुणाचं खातं उघडलं. आमचं तीन वर्षांत संपतंय, ते म्हणाले.

“तेरा,” बाई म्हणाल्या. “आणि वर चार महिने.”

मग त्यांनी खुर्ची जराशी पुढे घेतली आणि आवाज खाली आणला. असं सांगायची वेळ त्यांच्यावर वरचेवर येत असावी. शंभर घेतले असं धरा, त्या म्हणाल्या. सतरा वर्षांत तुम्ही एकशे सत्त्याहत्तर भरलेत. आणि अजून पंचाहत्तर बाकी आहेत. खुर्चीवाल्यांनी तोंडातले खिळे काढून खिशात टाकले. बाईंनी पुढे सांगितलं त्यात कुणाची लबाडी नव्हती, नुसता सरळ हिशेब होता. दर वाढला त्या वर्षी हप्त्यातलं जवळजवळ सगळंच व्याजात जायला लागलं. मुद्दलाला लागत होते ते चिल्लर. हप्ता तोच ठेवल्यामुळे मुदत आपोआप लांबली. असंच चालू राहिलं तर शेवटी शंभराचे तीनशेपंधरा होतील.

बायकोने विचारलं, आम्हाला हे कुणी सांगितलं का नाही? बाई म्हणाल्या, पत्रकात दरवर्षी असतं. बायकोने नवऱ्याकडे पाहिलं. नवरा टेबलाच्या कडेची पट्टी निघाली होती तिकडे पाहत होता.

बसच्या थांब्यावर दोघं उभे राहिले. दोन बस गेल्या, त्यातली एक त्यांची होती. मग बायको म्हणाली, “दर तोच. मग फोम कुठून काढला, ते विचारायचं तुम्हाला सुचलं नाही?”

तीस-पस्तीस वर्षांच्या संसारात तिने त्यांना बरंच काही ऐकवलं होतं, पण त्यांच्याच हत्याराने कधी मारलं नव्हतं. वॉशर घ्यायचा राहिला.

पुढचे आठ-दहा दिवस घरात कामापुरतं बोलणं झालं. मेहुण्याचा फोन आला तेव्हा खुर्चीवाले गॅलरीत जाऊन उभे राहिले. त्याची तीन वर्षं राहिली होती, खरोखरची तीन. काचवाला रोज आडून विचारायचा आणि खुर्चीवाले रोज बघू म्हणायचे. दरम्यान मुलगी एकटीच बँकेत जाऊन त्या बाईंना भेटून आली. बाकीच्या पंचाहत्तरांतले वीस आज एकरकमी भरले, आणि नव्या ग्राहकांना देतात तो कमी दर अर्ज करून मागून घेतला, तर तेराची सात वर्षं होतील, असं ती सांगत आली. दर मागावा लागतो, आपणहून कुणी देत नाही. सांगताना तिने आईकडे पाहिलं नाही.

कारण ते वीस कुठे आहेत हे घरात सगळ्यांना ठाऊक होतं. ते ओट्याचे होते. स्वयंपाकघरातला ओटा घराइतकाच जुना, आणि घर घेतलं तेव्हाच जुना. सिंकखाली बादली ठेवावी लागे. चमच्यांचा खण गुडघ्याने वर उचलल्याशिवाय उघडत नसे, आणि तो कसा उचलायचा हे घरच्या तिघांनाच जमे. बायकोने दवाखान्याच्या पगारातून नऊ वर्षं पैसे बाजूला ठेवले होते. टाइलचा रंगही ठरला होता, राखाडीकडे झुकणारा हिरवा. दुकानदाराने नमुन्याला दिलेली एक टाइल वर्षभर खिडकीत होती. गरम भांडं ठेवायला तिचाच उपयोग व्हायचा.

तिला कुणी विचारलं नाही. मुलीने विचारलं नाही, कारण ते तिचं नव्हतं. नवऱ्याने विचारलं नाही, कारण त्याला विचारायला तोंड नव्हतं. कुणी विचारेल म्हणून बायको चार दिवस थांबली. विचारलं असतं तर नाही म्हणायचं, इथपर्यंत तिचं ठरलेलं होतं.

पाचव्या दिवशी सकाळी खुर्चीवाल्यांनी चहा पिता पिता सांगितलं की काचवाल्याला आज नाही म्हणून टाकतो. हात चालतील तोवर चालवू. कप त्यांनी दोन्ही तळव्यांत धरला होता आणि अंगठे बाहेर, कुणाचे तरी परके असल्यासारखे ताठ उभे होते. दिवस उकाड्याचा होता, तेव्हा थंडीचं कारण चालण्यासारखं नव्हतं. बायकोने त्या अंगठ्यांकडे जरा वेळ पाहिलं.

“ओट्याचे भरून टाका,” ती म्हणाली.

“ते तुझे आहेत.”

“माझे आहेत म्हणूनच सांगतेय. तुमचे असते तर विचारलं असतं.” मग तिने कप उचलले, टाइलवरचं पातेलं उचललं आणि सिंककडे जाता जाता पाठमोरीच म्हणाली, “आणि आजपासून या घरात मला हप्ता किती ते सांगायचं नाही. शेवट कधी, तेवढं सांगायचं.”

त्या आठवड्यात पैसे भरले गेले. दर कमी करायचा अर्ज मुलीने लिहिला आणि खुर्चीवाल्यांनी सही करण्याआधी तो शेवटच्या ओळीपर्यंत वाचला, दोनदा. काचवाल्याशी त्यांनी वेगळाच सौदा केला. तीन वर्षांनी सगळी जागा नाही, आज अर्धी. पुढची बाजू काचवाल्याला, मागची आपल्याला. भाडं निम्मं झालं, आणि वाचलेलं निम्मं त्यांनी आपणहून हप्त्यात घातलं, म्हणजे सातातलं आणखी वर्ष-दीड वर्ष गेलं. सोफ्याची कामं सोडली. नुसत्या खुर्च्यांच्या बैठका करायच्या, त्याही बसून. त्यांच्याकडे जायला आता आरशांच्या दोन रांगांमधून जावं लागे. गिऱ्हाईक येईपर्यंत स्वतःला इतक्यांदा बघून घेतं, की भाव करायचं विसरतं, असं काचवाला म्हणे.

दर सांगण्याच्या बाबतीत खुर्चीवाल्यांनी महिनाभर एकूण सांगून पाहिलं. गिऱ्हाइकं तुटू लागली. पुढच्या महिन्यात ते पुन्हा खुर्चीमागे सांगू लागले. फोम मात्र पूर्वीच्या जाडीचा घालायचे आणि त्यासाठी दर थोडा वाढवला. यात आपली दोनच गिऱ्हाइकं गेली असं ते म्हणत. काचवाल्याच्या मते चार.

मेहुण्याला सगळं कळलं. तो हसला नाही, आणि हे खुर्चीवाल्यांना हसण्यापेक्षा जड गेलं.

दोन वर्षांनी व्याजाचे दर पुन्हा वाढले. फोनवर निरोप आला. वरच्याच ओळीत, हप्त्यात बदल नाही. खुर्चीवाल्यांनी खालच्या ओळी वाचल्या, हातातली बैठक बाजूला ठेवली आणि कामाच्याच कपड्यांत बँकेत गेले. बाई त्याच होत्या. नेहमीच्या सवयीने त्यांनी विचारलं, हप्ता तोच ठेवू ना? खुर्चीवाल्यांनी तोंडातले खिळे काढून तळहातावर घेतले.

“हप्ता वाढवा,” ते म्हणाले. “शेवट हलवू नका.”

बाईंनी मान वर करून पाहिलं. लोक इथे येऊन उलटं सांगतात, त्या म्हणाल्या. उलटंच सांगायचो आम्हीही, खुर्चीवाले म्हणाले, आणि सही कुठे करायची ते विचारून, त्याच्या वरचं आधी वाचून, सही केली.

घरी आले तेव्हा बायको सिंकखालची बादली काढत होती. बँकेत गेल्याचं तिला मुलीकडून कळलं होतं. बादली काठोकाठ भरलेली होती, त्यामुळे ती सांभाळून उठली.

“शेवट?” तिने विचारलं.

“तोच.”

तिने बादली रिकामी केली आणि पुन्हा जागच्या जागी सरकवून ठेवली.