बिंदुमाधवाचा कासोटा

बिंदुमाधव काशीच्या मंगला गौरी देवळाजवळच्या वैदिकांचा मुलगा. त्याने मंत्र अर्धे सोडले, मोटरसायकलच्या शर्यती मात्र पुऱ्या जिंकल्या. सदतीस साली मुंबईची फिल्म कंपनी काशीत आली आणि नायिकेच्या वेषात भोसले घाटाच्या पायऱ्या मोटरसायकलवरून उतरायचं काम त्याला मिळालं. जमलं तर मुंबईत कायमची नोकरी होती. आठ दिवस तो त्या पायऱ्या अनवाणी उतरला. कुठला दगड हलतो ते तळव्यांना पाठ झालं.

साडीचा सराव मात्र त्याने केला नव्हता. पाचवारीच्या निऱ्या दोनदा चाकात गेल्या, दोनदा तो आपटला.

"अब आख़िरी बार," दिग्दर्शक म्हणाला.

तेवढ्यात आई, शरदिनीबाई, गर्दीतून घुसली. मुलगा बाईच्या वेषात नाचतोय असं कळल्यावर स्नानाला निघालेली ती तशीच धावली होती.

"मेल्या, हे काय नेसलायस?"

"आई, रागावू नकोस, कंपनीने..."

"कासोटा कुठाय?"

काखेतलं कोरडं लुगडं काढून तिने त्याला तिथेच नऊवारी नेसवली आणि कासोटा आवळला.

"माँजी, हीरोइन तो ऐसी साड़ी नहीं पहनती!" दिग्दर्शक ओरडला.

"तो अब पहनेगी."

बिंदुमाधव खालपर्यंत उतरला. एक निरी हलली नाही.

मुंबईला निघण्याआधी आईने त्याच्याकडून अकरा वेळा कासोटा घालून घेतला. दहावा सैल होता.