आरोपी क्रमांक तीन

बाजाराच्या तोंडाशी टपरी टाकून बसणारे चावीमामा तसे हसरे गृहस्थ. "कुलपाला माझी लाज वाटते, म्हणून ते उघडतं," असं म्हणायचे. लोकही चावी हरवली की आधी त्यांनाच हाक मारायचे.

एका सकाळी शाळेतल्या एक बाई आल्या. "मामा, आई गेल्यापासून तिच्या घराची चावी भावाकडे आहे आणि तो फोन उचलत नाही. माझं सामान आत अडकलंय." मामा गेले, लॅच उघडलं, नवीन बसवलं, बाईंच्या हातचा चहा घेऊन परत आले.

पुढच्याच आठवड्यात टपरीसमोर पोलीस उभे! भावाने तक्रार दिली होती : घर माझं, बहिणीने फोडलं, आईचे दागिने नेले. आरोपी क्रमांक एक बहीण, दोन तिचा नवरा आणि तीन, कुलूप तोडणारा इसम.

"अहो, तोडलं नाही, उघडलं," मामा म्हणाले. हवालदार हसला. हसतच त्याने मामांना गाडीत बसवलं.

बाईंच्या वकिलाने जामीन मिळवून दिला आणि गुन्हाच रद्द करा असा अर्ज तिघांच्या वतीने वरच्या कोर्टात टाकला. पण मामांची झोप उडाली ती उडालीच. जिन्यावर बूट वाजले की ते मोरीत जाऊन उभे राहत. कानस धरली की चाव्या वाकड्या कापल्या जात. बायको म्हणायची, "तुम्ही काही केलं नाही ना? मग?"

"अगं, ती दोघं सख्खी भावंडं. उद्या गळ्यात गळे घालतील. म्हणतील, आमचं मिटलं. मग चोर म्हणून उरेल कोण? मीच ना!"

सुनावणीच्या दिवशी हेच भूत समोर आलं. कोर्टाच्या व्हरांड्यात बाईंना ठसका लागला आणि भावाने मुकाट्याने आपली पाण्याची बाटली पुढे केली. बाई प्यायल्या. संपलं, मामांना वाटलं.

आत न्यायमूर्तींनी कागद चाळले आणि भावाच्या वकिलाला विचारलं, "दागिने चोरीला गेले म्हणता. मग या भावंडांच्या वाटणीच्या दाव्यात ते तुमच्या अशिलाच्या लॉकरमध्ये आहेत, असं त्यांनीच कसं लिहून दिलंय?"

वकील कागद उलटसुलट करू लागले. न्यायमूर्तींनी फाइल मिटली.

"घर कोणाचं, ते दिवाणी कोर्ट ठरवेल. वाटणीच्या भांडणाला चोरीचा रंग देऊन माणसांना तुरुंगाची भीती घालता येणार नाही. गुन्हा रद्द."

मामांनी वकिलाची बाही ओढली. "तिघांचाही? की त्या दोघांचाच?"

"तिघांचाही, मामा. सुटलात तुम्ही."

सुटले खरे, पण दुसऱ्या दिवशी टपरीवर एक घाबरीघुबरी सून धावत आली. "लवकर चला, सासूबाई आत पडल्यात, दार लागलंय!"

"घर कोणाचं?" मामांच्या तोंडून निघून गेलं.

"आमचंच हो!"

"कशावरून?"

मामांना स्वतःचीच लाज वाटली, पण पाय उचलेना. कसेबसे निघाले. वाटेत दोनदा वाटलं, परत फिरावं. दारापाशी शेजारी जमले होते. मामांनी एकेकाला विचारलं, "तुम्ही बघताय ना? मी उघडतोय, तोडत नाहीये." लोकांना वाटलं, म्हाताऱ्याचं डोकं फिरलंय.

तेवढ्यात आतून कण्हण्याचा आवाज आला. मामा गुडघ्यावर बसले. कुलपात घातलेली तार पहिल्यांदा निसटली, दुसऱ्यांदाही निसटली. मग लॅच खटकन सुटलं आणि सून आत धावली. सासूबाईंचा पाय मोडला होता, पण त्या शुद्धीवर होत्या.

सगळे आत शिरले. उंबऱ्याच्या आत मामांनी पाऊल ठेवलं नाही. बाहेरच उभे राहून दोन्ही हात सगळ्यांना दिसतील असे पुढे धरून ते म्हणाले, "मी निघतो. आतलं काही मी पाहिलेलं नाही."